दादाच्या पिंडाला कावळा

अरे, दादाच्या दहाव्याला इथे कॅनडात, किचनरच्या नदीकाठी पिंड ठेवला, तर कावळा शिवेना. फांदीवर बसून नुसता बघत होता. वहिनी म्हणाली, "मुलांना नीट शिकवीन हो." आईने हात जोडले. कावळा ढिम्म!

दादा इंग्लंडात आठ सीझन काउंटी खेळला, बॅटिंग आणि बॉलिंग दोन्ही. मी इथल्या क्लबात बारावा गडी. मी त्याच्या तोंडावर कायम म्हणायचो, "नशीब रे तुझं!"

शेवटी मी ओरडलो, "मान्य! तुला खेळ येत होता, माझ्यापेक्षा शंभरपट. आता खा!"

कावळा झपकन खाली आला.

आई रडतच म्हणाली, "बघ, तुझंच ऐकलं त्यानं."

आयुष्यात पहिल्यांदा आईनं त्याला सोडून माझं कौतुक केलं, आणि माझ्यावर जळायला दादाच नव्हता.