तात्यांनी दिलेली वाट

हिमालयातल्या स्पितीच्या खिंडीतली गंमत सांगितली का तुम्हाला, राव? सोबत आमचे निघोज्याचे बाळूतात्या होते. थोरल्या भावाला आपल्या रानातून वाट द्यायची नाही, म्हणून वर्षानुवर्षं भांडणारे.

खिंडीत दगडांवर दगड रचलेले दिसले अन् तात्या ओरडले, "हात लावू नका, हद्दीचे दगड हायेत! मोजणी झालेली दिसतीय."

तिथलाच ड्रायव्हर होता, तो हसला. "अख्खं खोरं देवीचं आहे. जाणारा एक दगड ठेवतो, देवी वाट देते."

तात्या त्या उघड्याबोडक्या डोंगरांकडं बघतच राहिले. "एवढी जमीन तिची, अन् एका दगडावर वाट देती?"

त्यांनीही एक दगड ठेवला. खाली रेंज येताच भावाला फोन लावला. "आण्णा, उद्यापासनं माझ्या रानातनं जा."

मग आण्णा म्हणाले, "बाळू, तिथं ऑक्सिजन कमी पडतोय का रं तुला?"