चार बोटं उंच खुर्ची

आजच्या समारंभाच्या अध्यक्षा आणि आपल्या खात्याच्या सचिव महोदया, व्यासपीठावर विराजमान माननीय संचालक, पहिल्या रांगेत बसलेले सत्कारमूर्तींचे यजमान आणि त्यांची लेक, राजशिष्टाचार विभागातले माझे सहकारी, सुतारशाळेतली मंडळी, आणि जिच्यासाठी आपण सगळे हातातली कामं टाकून इथे जमलो आहोत ती आमची टेपताई!

ताईंचं खरं नाव निमंत्रणपत्रिकेवर वाचून निम्मा विभाग मला विचारत आला, "साहेब, या कोण बाई निवृत्त होतायत?" गळ्यात मोजमापाची टेप, कानावर पेन्सिल, चष्मा कपाळावर. परदेशी पाहुणे येणार म्हटलं की ताई पहाटेच सभागृहात हजर. खुर्च्यांची उंची, झेंड्यांच्या काठ्या, पाण्याचे पेले, दारापासून प्रत्येकाचं अंतर, सगळं मोजायच्या. आज सकाळी त्यांनी हे व्यासपीठसुद्धा मोजलं. अध्यक्षांची खुर्ची दोन बोटं उंच भरली. मी म्हटलं, "ताई, आता काय हो करायचं?" तर म्हणाल्या, "राहू द्या. घरातल्या घरात चालतं."

सभ्य गृहस्थहो, सार्वभौमत्व म्हणजे काय? मी या विषयावर परीक्षा दिलेली आहे. जाड जाड ग्रंथ वाचले आहेत, म्हणजे उशाला तरी घेतले आहेत. त्या सगळ्यांत लिहिलंय की राष्ट्र लहान असो वा मोठं, दर्जाने सगळी सारखी. मी रुजू झालो त्याच आठवड्यात ताईंना विचारलं होतं, हे खरं असतं का हो? त्या टेप गुंडाळत म्हणाल्या, "साहेब, आम्ही चार जावा. धाकटीला एकदा कडेचं स्टूल दिलं. ती एक अक्षर बोलली नाही. पण पुढचे आठ दिवस घरात कुणाला धड जेवायला मिळालं नाही." माझ्या ग्रंथांत हे प्रकरण नव्हतं.

आता चौदा वर्षांपूर्वीच्या त्या बैठकीकडे वळतो. संचालक घड्याळाकडे बघतायत. मीही बघतोय साहेब, तुमच्यापेक्षा जास्त.

दोन शेजारी देश. एक एवढा मोठा की त्यांच्या मंत्र्याबरोबर नुसते छत्री धरायलाच तिघे आले होते. दुसरा एवढा लहान की त्यांचं सैन्य आणि बँड एकच. युद्ध सुरू झालं तर आधी वाद्यं खाली ठेवावी लागतील. मधे नदी, नदीवर एकच पूल, आणि तो मोठ्यांनी अकरा महिने बंद ठेवलेला. धाकट्यांना बाहेर पडायला दुसरा रस्ता नाही. औषधं अडकलेली, माणसं अडकलेली. आपण मध्यस्थ. बोलणी आपल्या सभागृहात.

सकाळी ताईंनी मोजमाप करून खुर्च्या मांडल्या आणि त्या चहा घ्यायला गेल्या. नंतर सभागृहात जे झालं ते असं, की मोठ्या देशाच्या मंत्र्यांच्या जागी एक वेगळीच खुर्ची आली. पाठीला आधार असलेली, गुबगुबीत. आणि इतरांपेक्षा चार बोटं उंच. ती कुणी आणली, हे आत्ता राहू द्या.

धाकट्या देशाचे मंत्री आत आले. मूळचे शाळामास्तर. त्यांनी खुर्च्यांवरून एक नजर फिरवली आणि ते उभे राहिले. आता राजशिष्टाचार असा, की एक देश उभा असेल तर दुसऱ्याने बसायचं नाही. झालं! तीन देश उभे. पाऊण तास उभे. ज्यांच्या पाठीसाठी ती खुर्ची आणली, ते मंत्री तिच्याच पाठीला धरून कण्हत उभे. मी धावत एक उशी आणून मास्तरांच्या खुर्चीवर ठेवली. ते शांतपणे म्हणाले, "मला उसनी उंची नको." आणि उशी मला परत दिली. पुढचा बराच वेळ मी ती पोटाशी धरून उभा होतो. तसा फोटोही आहे.

तेवढ्यात ताई आल्या. काय झालंय ते त्यांना दारातूनच दिसलं. त्या सरळ मास्तरांपाशी गेल्या. म्हणाल्या, "गुरुजी, तुमची लेक पुलापलीकडे आहे म्हणतात. नातवाचं तोंडही बघितलं नाहीत. तरी बसत नाही?"

ते म्हणाले, "बाई, म्हणूनच बसत नाही. खालच्या खुर्चीवर बसलो तर पूल त्यांनी मेहेरबानी म्हणून उघडला असं होईल, आणि मेहेरबानी कधीही परत घेता येते. बरोबरीने बसलो तर पूल दोघांनी मिळून उघडला. मग तो एकट्याला बंद करता येणार नाही."

जाड ग्रंथांत मला जे सापडलं नाही, ते हे.

ताई मोठ्या मंत्र्यांकडे वळल्या. "साहेब, खुर्ची जरा डुगडुगतेय. तुमच्यासारख्यांना शोभत नाही. दहा मिनिटं द्या." खुर्ची काही डुगडुगत नव्हती. पण मंत्र्यांनी तिची पाठ सोडली. आमचे सुतारमामा, तिसऱ्या रांगेत बसलेत बघा, आता लाजतायत, त्यांनी मागच्या व्हरांड्यात करवतीने चारही पाय चार चार बोटं कापले. खुर्ची परत आली. पाठीचा आधार तसाच, उंची सारखी. मास्तरांनी ताईंच्या गळ्यातली टेप मागून घेतली, दोन्ही खुर्च्या स्वतः मोजल्या आणि बसले. सगळे बसले. तो सामूहिक सुस्कारा मी अजून विसरलेलो नाही. संध्याकाळी करार झाला. तो पूल आजही उघडा आहे.

टाळ्या जरा थांबवा. पुढचं टाळ्यांचं नाही.

चौकशी झाली. सरकारी खुर्चीचे पाय कापले कुणी, आणि मुळात ती खुर्ची सभागृहात आली कशी? ताईंनी लिहून दिलं, "मांडणीची जबाबदारी माझी." त्यांच्या फायलीत ठपका नोंदवला गेला. त्या ठपक्यापायी त्या विभागाच्या मुख्य कधीच झाल्या नाहीत. मुख्य मी झालो. 'प्रसंगावधान राखल्याबद्दल' मला प्रशस्तिपत्रकही मिळालं.

मंडळी, ती खुर्ची माझ्या दालनातली होती. मोठ्या देशाच्या वकिलातीतून फोन आला, मंत्र्यांची पाठ दुखते. एवढ्या मोठ्या माणसाने आपल्याला काम सांगितलं म्हणून मी हुरळून गेलो आणि स्वतःच्या हाताने ती उचलून नेली. चौकशीत म्हणालो, कुणी नेली मला कल्पना नाही. पुढे तीच कापलेली खुर्ची मला परत मिळाली. चौदा वर्षं मी हनुवटी टेबलावर टेकवून सह्या करतोय, आणि तुम्हाला वाटतं साहेब फार बारकाईने वाचतात.

ताई, बसा. खुणा करू नका, मी थांबणार नाही. तुम्हाला तेव्हाच ठाऊक होतं. तुम्ही एकदाही बोलून दाखवलं नाहीत, आणि मला त्याची लाज वाटते.

सचिव महोदया, आपल्यासमोर गुच्छाखाली एक पाकीट आहे. त्यात माझा जबाब आहे, सहीनिशी. ताईंची फाईल आज पाच वाजता बंद होते, आणि बंद झालेल्या फायलीतला ठपका निघत नाही. आता चार वाजून चाळीस मिनिटं झाली आहेत. आपण तो आत्ता, इथेच वाचावा. माझं जे व्हायचं ते होऊ द्या.

आपण सर्वांनी शांतपणे ऐकून घेतलंत, मी ऋणी आहे. बोलण्यात काही कमीजास्त झालं असेल तर सभागृहाने उदार मनाने पोटात घालावं. ताई, तुम्ही मात्र घाई करू नका. मला बोलायला चौदा वर्षं लागली. माफ करायला तुम्हाला हवी तेवढी घ्या.