घरचीच मतं

आत ये म्हंताय? येते की, संयोगिता वैनी — तुमच्या सोप्यात मी पयल्यांदाच बसतेय, बरं वाटलं बघा. तर काय सांगत हुते — व्हय, यंदा पंचायतीला मी खुल्या जागेवरनं हुबी ऱ्हायले. जागा राखीव नसताना जाईबाईला कशाला पायजे ही उठाठेव, असं गाव म्हंतंय, कळतंय मला. पर आमच्या अक्षतानं फोनवर सांगितलं, आये, तू फकस्त घरोघर जा.

आवं, अमेरिकेत हाय न्हवं का ती — कॉलेजात राज्यशास्त्र शिकवती. आन अभ्यास कशाचा, तर लॅटिनो लोकांच्या मतांचा! म्हंजी मेक्सिकोकडनं आलेली, स्पॅनिश बोलणारी माणसं. आता पाटणच्या पोरीला त्यांच्या मतांचं काय पडलंय? मी बी हेच इचारलं. तर म्हंती, आये, ज्यांची संख्या कमी, ती माणसं मताला का जात न्हाईत, ते बघती मी. दारोदार हिंडून इचारती. आन घावलं काय? — त्यांच्याकडं कुणी मत मागायला गेलं न्हाई! फुडारी म्हंत्यात, ही आपलीच हायत, जात्यात कुठं. मग ती बसत्यात घरी, न्हाईतर देत्यात दुसऱ्याला. एवढी शिकलेली फुडारी, आन एवढं कळंना! लय हसले मी.

म्हणून तर तुमची आळी समदी पालथी घातली. धोंडुबाई म्हनल्या, आजवर मालकालाच इचारून जायाची माणसं, मला इचारणारी तूच पयली. डोळ्यांत पाणी आलं त्यांच्या — आन माझ्या बी.

आमची आळी? तिकडं कशाला जायाचं? ती घरचीच मतं! विहारापाशी समदी आपलीच माणसं. बनुबाईची आन माझी तर भिंतीला भिंत. जरा घुश्शात हाय — परवा नळावर म्हनली, "आता मोठ्या आळीची झालीस बाई तू." म्हनलं, जळती मेली. काल उदयसिंह, माझ्याच इरोधात हुबा हाय त्यो, तिच्या दारात बसून च्या पीत हुता. पिऊ द्या की, तिचं मत जातंय कु...

वैनी, अशा का बघताय?

अगं बया.

चप्पल कुठं माझी? न्हाई, च्या नगा टाकू. बनुबाईच्यात पिते — तिनं दिला तर.