चौदा नंबरच्या दारापुढची गोष्ट

मी ओम मी-रान, वय ५८ वर्षे, धंदा लग्नाच्या रजया शिवणे, राहणार सोल शहर, राजवाड्यामागची कौलारू वस्ती, पायऱ्यांची गल्ली, घर नंबर चौदा. आज गुरुवार दिनांक १७ ऑक्टोबर २०२४ रोजी सायंकाळी सव्वासहा वाजता जुन्या बाजाराच्या कमानीजवळील पोलीस चौकीत स्वतःच्या पायांनी येऊन, पूर्ण शुद्धीत आणि पूर्ण रागात, सांगते की,

वरील घरात मी जन्मापासून राहते. माझे वडील ओम बोंग-चल हे शहर बसचे ड्रायव्हर होते. त्यांनी एकतीस वर्षे एकाच मार्गावर बस चालवली आणि सन १९९८ च्या फेब्रुवारीत ते यकृताच्या आजाराने त्याच घरातल्या पुढच्या खोलीत वारले. माझी आई क्वाक सुन-दोक, वय ८५, हिला चार वर्षांपासून विसरण्याचा आजार आहे. मी त्यांचे एकुलते एक मूल आहे. हवालदार सोक यांनी विचारले की, वडील सव्वीस वर्षांपूर्वी वारले, त्यांचे इथे काय काम. मी सांगितले की काम त्यांचेच आहे, लिहून घ्या.

आमची गल्ली जुनी असल्याने तेथे सहलीचे लोक येतात. हळू बोला, इथे माणसे राहतात, अशा पाट्या आहेत. पाट्यांचेही फोटो काढतात. त्यांना आणणारा इसम प्यॉन जे-उक, वय अंदाजे ४१, हा पायी सहलीचा गाईड आहे. त्याच्या हातात काठीला बांधलेले पिवळे निशाण असते आणि तो लोकांकडे तोंड करून उलटा चालतो. बहुतेक आपल्याच देशातले, देगू-बुसानकडचे लोक आणतो, म्हणून जे बोलतो ते आपल्याच भाषेत बोलतो आणि आईला सगळे समजते. राजवाड्याला सुट्टी असते तो मंगळवार सोडून रोज तीन फेऱ्या. साडेदहा, एक आणि साडेतीन. मला घड्याळाची गरज उरलेली नाही.

या वर्षीच्या एप्रिलपासून त्याने आमच्या दारापुढे थांबून एक गोष्ट सांगायला सुरुवात केली. मी भिंतीच्या आत मशीनवर बसलेली असते, त्यामुळे मला ती पाठ आहे. या घरात एक आजी राहते. लग्नाला नऊ दिवस झाले आणि उत्तर-दक्षिण कोरियाची लढाई सुरू झाली. नवरा यून नावाचा शिक्षक होता, त्याला उत्तरेकडे नेले. जाताना याच पायरीवर त्याने तिच्या हातात एक पिकलेले तेंदूफळ ठेवले आणि म्हणाला, "हे खाऊन संपायच्या आत येतो." तिने ते खाल्ले नाही. तिला मूलबाळ नाही, कोणी नाही. ती अजून वाट पाहते. एवढे झाले की बायका डोळे पुसतात, तो निशाण वर करतो आणि सगळे पुढे राजवाड्याकडे जातात.

हे सर्व धादांत खोटे आहे. लढाई सुरू झाली जून १९५० मध्ये. आईचा जन्म १९३९ चा. म्हणजे त्या वेळी ती अकरा वर्षांची होती आणि भावाच्या पाठुंगळी बसून दक्षिणेला पळत होती. तिचे लग्न १९६४ साली माझ्या वडिलांशी झाले. शिवाय तेंदूफळ इथे पानगळीत पिकते, जूनमध्ये नाही, हे आमच्याकडच्या शेंबड्या पोरालाही कळते. एप्रिलपासून हजारो शहाणी माणसे त्या पायरीपुढे रडून गेली, त्यातल्या एकानेही वजाबाकी केली नाही.

मे महिन्यात मी त्याला दारात गाठले. आमचे बोलणे असे झाले.

"गाईडसाहेब, हा यून मास्तर कोण?"

"ताई, ते आपलं असंच. लोकांना नुसती कौलं बघून काय वाटणार? गोष्ट पाहिजे."

"मग स्वतःच्या आईची सांगा. आमच्या घरी असलं काही झालेलं नाही."

"ह्या वस्तीत कोणाच्या ना कोणाच्या घरी झालंच असेल की."

"मग ज्यांच्या घरी झालंय त्यांच्या दारात जाऊन सांगा."

"तिथं ऊन येतं, ताई. माणसं उभी राहत नाहीत."

यावर मी जे बोलले ते हवालदार सोक लिहायला तयार नाहीत. तांदूळ धुतलेले पाणी मी त्याच्या बुटांवर ओतले, ते लिहिले तरी चालेल. दुसऱ्या दिवशी साडेदहाला तो दुसरे बूट घालून हजर. वॉर्ड कचेरीत तीन वेळा अर्ज दिले. तेथे मला सांगण्यात आले की गोष्ट सांगण्याला बंदी घालणारे कलम नाही, आवाज मोठा असेल तर बघू. आवाज मोठा नव्हता. आवाज फार गोड आहे, हीच अडचण आहे.

जूनपासून आई दाराच्या पायरीवर बसू लागली. मला वाटले, वाऱ्याला बसते, बरे आहे. पुढे लक्षात आले की ती फेरीच्या वेळेलाच बसते. दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून ऐकायची. लोक फोटो काढायचे, ती काढू द्यायची. जुलैमध्ये एकदा गाईड नऊ दिवसांऐवजी सात दिवस म्हणाला, तर आईने त्याला चारचौघांत दुरुस्त केले. घरी मी तिला रोज सांगते की मी मी-रान, तुझी मुलगी, तू बोंग-चलची बायको. ते तिच्या डोक्यात पाच मिनिटे राहत नाही. त्याने सांगितलेले राहते, कारण तो रोज तीनदा, त्याच जागी, त्याच शब्दांत सांगतो आणि वर लोक रडतात. माझ्या सांगण्याला कोण रडते. मी तर सांगताना ओरडते.

ऑगस्टमध्ये तिने वडिलांचा फोटो भिंतीवरून काढून चपलांच्या कपाटात घातला. मी विचारले तर म्हणाली, "परक्या पुरुषाचा फोटो घरात कशाला? लोक काय म्हणतील?" मी फोटो पुन्हा लावला. तिने पुन्हा काढला. असे नऊ वेळा झाले. जो माणूस एकतीस वर्षांत एकदाही पगाराच्या दिवशी बाहेर जेवला नाही, शेवटची फेरी संपली की बसचा वास अंगावर घेऊन सरळ घरी आला आणि ज्याने रोज हिच्यासाठी खिशातून काहीतरी काढले, भाजलेले रताळे नाहीतर संत्रे, तो परका. आणि जो जन्मालाच आला नाही तो नवरा. हवालदार सोक म्हणाले की थोडे पाणी प्या. मी पाणी प्यायले नाही, पुढे लिहा म्हटले.

आज दुपारी एक वाजताच्या फेरीला मी मागच्या खोलीत रजईत कापूस भरत होते. तेवढ्या वेळात आईने पेटीतून लग्नातला हानबोक काढून घातला. लाल घेरदार परकर, हिरवी बंडी. मी शिवणकाम करणारी बाई आहे. आईच्या प्रत्येक कपड्याच्या आत मी माझा फोन नंबर टाक्यांनी घातला आहे, अगदी मोज्यांतसुद्धा. पेटीतल्या या एका जोडाला घातला नव्हता, कारण तो कोणी घालील असे वाटले नव्हते. ही चूक माझी आहे आणि ती मी मान्य करते.

गाईडने गोष्ट संपवून निशाण वर केले तेव्हा आई पायरीवरून उठली आणि त्या लोकांच्या मागे चालू लागली. त्यांच्यात भाड्याचा हानबोक घातलेल्या चार-पाच मुली होत्या, त्यामुळे ही वेगळी दिसली नाही. हानबोक असला की राजवाड्यात तिकीट लागत नाही. फाटकावरच्या माणसाने हात केला आणि ती आत गेली. त्याला मी दोष देत नाही. नियम तसा आहे, आणि एरवी मला तो आवडतो.

राजवाडा, पुढचे मोठे मैदान, पुतळा, मग ओढ्याच्या काठाने खाली जुन्या बाजाराच्या कमानीपर्यंत, एवढे अंतर माझी पंच्याऐंशी वर्षांची आई घरातल्या सपाता घालून चालली. गाईडने कमानीखाली माणसे मोजली. बावीस निघाली होती, बावीस भरली. एक बाई राजवाड्यातच चप्पल तुटून परत गेली होती, तिच्या जागी माझी आई मोजली गेली. रोज तीनदा जिच्या नावाने लोकांना रडवतो, तिच्याकडे बोट करून हा इसम "बावीस" म्हणाला आणि त्याला ती ओळखू आली नाही. मग निशाण गुंडाळून पिशवीत घातले आणि निघून गेला. बाकीचेही पांगले. आई तिथेच उभी राहिली, कारण तिला कोणी थांबा किंवा चला असे सांगितले नव्हते.

सुकी मासळी विकणाऱ्या एका बाईने तिला साडेचारच्या सुमारास बसायला खोके दिले आणि चौकीत कळवले. बोटांच्या ठशांवरून नाव निघाले आणि मला फोन आला. तोवर मी गल्लीतली सव्वीस दारे, दोन दवाखाने आणि विहिरीचे जाळीचे झाकणसुद्धा उचलून पाहिले होते. त्या तीन तासांबद्दल मला काही सांगायचे नाही.

मी चौकीत आले तेव्हा आईच्या दोन्ही टाचांना फोड होते आणि हवालदार सोक यांनी तिचे पाय कोमट पाण्यात ठेवले होते. त्याबद्दल मी त्यांची आभारी आहे. त्यांनी आईला विचारले, "आजी, ह्या कोण?"

आई म्हणाली, "माहीत नाही बाई. मला कोणी नाही. नऊ दिवसांत मूल कुठलं व्हायला?"

मी नात्याचा सरकारी दाखला दाखवला. कागद बरोबर असल्याचे हवालदार सोक यांनी सांगितले. परंतु आई उठायला तयार नाही. मी हात धरला तर ओरडली की ही बाई मला पळवून नेते. दोनदा असे झाले. हवालदारही उचलून न्यायला तयार नाहीत, आणि मीही नाही.

त्यानंतर सदर गाईडला चौकीत बोलावण्यात आले. तो आला तेव्हा आईला पाहून खाली बसला. मग म्हणाला, "ताई, मी आजींना कमानीखाली मोजलं." मी म्हटले, ते मला कळले आहे. त्याच्या पिशवीतून निशाणाची काठी बाहेर दिसत होती. आईने ती पाहिली आणि ओल्या पायांनी उठून उभी राहिली. मला पाहून उठली नव्हती. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण उठली ती उठलीच.

चौकीत शिरताना माझी मागणी होती की या इसमाला आमच्या गल्लीत कायमची बंदी करावी. ती मागणी मी बदलते. तक्रार मागे घेत नाही. आईला वाऱ्यावर सोडल्याबद्दल जी कारवाई होते ती व्हावी. मात्र त्याने उद्यापासून साडेदहा, एक आणि साडेतीन वाजता आमच्या दारापुढे आलेच पाहिजे आणि यून मास्तर सोडून माझ्या वडिलांची गोष्ट सांगितली पाहिजे, ती मी सांगते तशी: या घरात क्वाक सुन-दोक राहते. तिचा नवरा ओम बोंग-चल बस चालवायचा. त्यांना एक मुलगी झाली, तिचे नाव मी-रान. तो याच घरात वारला, तेव्हा दोघी जवळ होत्या. मुलगी अजून तिच्याजवळ आहे. एवढेच. लोक रडले नाहीत तरी चालेल. मंगळवारी त्याने लोकांशिवाय यावे. मला त्याची गरज पडते आहे याचा मला भयंकर राग आहे, तोही लिहावा.

हवालदार सोक हा जबाब मोठ्याने वाचू लागले, परंतु आई खिडकीकडे पाहत राहिली. म्हणून माझ्या सांगण्यावरून कागद प्यॉन जे-उक याच्या हातात देण्यात आला. त्याने निशाण उलगडून उभे धरले आणि माझ्या वडिलांची गोष्ट वाचली. आई लगेच वळली, बाकावर बसली, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले आणि शेवटपर्यंत ऐकले. मग म्हणाली, "नवरा अगदीच साधा आहे हो."

गाईड म्हणाला, "हो आजी. पण हा रोज घरी यायचा."

मग आईने मला विचारले की रताळे आणले आहे का. मी घरी आहे म्हणून सांगितले. गाईड निशाण घेऊन पुढे, मध्ये आई आणि शेवटी मी, असे आता आम्ही घरी जाणार आहोत.

गाईडचे ते शेवटचे वाक्य मी दिलेल्या गोष्टीत नव्हते. ते त्याने पदरचे घातले. तरी ते खरे असल्याने तसेच राहू द्यावे आणि उद्यापासून गोष्टीत धरावे. बाकी सर्व मजकूर माझ्यादेखत, आरोपीच्या तोंडून आणि आईच्या कानावर वाचला गेला असून तो माझ्या सांगण्याप्रमाणे आहे.

सही
ओम मी-रान
क्वाक सुन-दोक हिची मुलगी