वन्स मोअर कुणाचा

मुलांच्या टीव्ही कार्यक्रमात मी कशी शिरले, विचारता ना? दिल्लीला नाटक शिकताना मी सगळ्यांना छाती ठोकून सांगायचे, आमच्या नाशकात संगीत नाटक सगळ्यांचं असतं. परत येऊन एका नाटक मंडळीत नायिका झाले आणि खरं काय ते कळलं.

सातपूरच्या कामगारांसाठी प्रयोग होता. माझं पद संपलं आणि मागून एक सात-आठ वर्षांची मुलगी ओरडली, "वन्स मोअर!" ऑर्गनवाल्या काकांनी सूर धरला, तेवढ्यात विंगेतून आमचे मालक नाना खेकसले, "पुढे चला!" डोअरकीपरने पोरीला दंडाला धरून बाहेर काढलं.

मध्यंतरात मी नानांना गाठलं. "वन्स मोअर आला होता, नाना."

"पोरांचा वन्स मोअर धरत नाहीत गं. पहिल्या रांगेतल्या जाणकारांनी दिला, तर तो खरा."

"तिला गाणं आवडलं. आणखी काय कळायला हवं?"

"एवढा पुळका असेल तर जा टीव्हीवर. चिमणी होऊन नाच!"

सगळे फिदीफिदी हसले. पुढचे दोन अंक मी दात-ओठ खात गायले.

सकाळी उठल्याउठल्या मी मुंबईच्या टीव्ही केंद्राला पत्र लिहिलं, मुलांच्या कार्यक्रमात पडेल ते काम द्या. आई म्हणाली, "अगं, नायिकेचं काम सोडून?"

म्हटलं, "सोडून नाही, लाथाडून."