परतलेले प्रस्थान

— छे, छे, आपण सरकू नका, मला एवढी जागा पुष्कळ झाली. मराठी कानावर आले म्हणून थांबलो. एरवी मद्रास सेंट्रलच्या फलाटावर अनोळखी माणसाशेजारी जाऊन बसणारा मी नव्हे. आपण हमालाला म्हणालात, 'जपून रे बाबा, आत लोणच्याची बरणी आहे' — तो बिचारा तेलुगू, त्याला काय उमजणार! — पण मला उमजले, आणि वाटले, हे गृहस्थ आपल्यापैकी. नागपूरला ना? ग्रँड ट्रंकनेच? आणि मंडळी स्त्रियांच्या डब्यात बसली आहेत? उत्तम, अगदी उत्तम. माझी भाषा आपल्याला अंमळ जुनी वाटत असेल — वाटू द्या. आमचे पूर्वज तंजावरास आले तेव्हा जी शिदोरी घेऊन निघाले तीच आम्ही अजून पुरवून पुरवून खातो आहोत. माझे नाव वेंकोबाराव, मैलापूरला एका शाळेत संस्कृत शिकवतो. आणि हे — खांद्यावरच्या या पंच्याकडे कृपा करून पाहू नका. पंचा पांघरून स्टेशनावर येण्याची माझी रीत नाही. माझे रोजचे उपरणे, बारीक जरीकाठाचे, धोब्याने घालवले. रविवारी रात्री खुंटीवर होते, सोमवारी सकाळी नाही. धोबी म्हणतो, मी नेलेच नाही. मग काय ते पायांनी चालत गेले? चांगले खडसावले त्याला.

असो. मी बोलत होतो ते कामाचे. काम लहानसे आहे — हे गाठोडे. आता थोड्या वेळाने एक मुलगी येईल, उंच, हातात पाण्याचा कूजा. तिच्या एका बाजूला माझी पत्नी असेल, दुसऱ्या बाजूला एक वृद्ध बाई, सोवळ्यातल्या. तिच्या हाती आपण हे द्यायचे. 'तुझ्या वडिलांनी —' नको, 'घरून आले आहे' एवढेच म्हणा. मी? मी त्या पुस्तकांच्या गाड्यामागे उभा असेन. आणि आपल्या मंडळींना सांगा, नागपूरपर्यंत तिच्यावर जरा लक्ष असू द्या. नागपूरनंतर तर तिला कोणीच नाही — तिथून दिल्लीपर्यंत एकटी. हो, दिल्ली. हो, माझीच मुलगी. — स्वतः का देत नाही म्हणता? तसे काही नाही. गर्दीत मला गुदमरल्यासारखे होते.

तुळसी तिचे नाव. संस्कृत घेऊन बी. ए. झाली, पहिल्या वर्गात. तिला अक्षरओळख मी करून दिली, कोश मी पाठ करून घेतला, पहाटे विहिरीवर पाणी काढता काढता ती म्हणायची आणि मी आतून चुका सांगायचो. आता एम. ए. करील, मग आमच्या रस्त्याच्या टोकाला मुलींची शाळा आहे तिथे शिकवील, दुपारी जेवायला घरी येईल — असे मी सगळे मनात मांडून ठेवले होते. तिला विचारले होते का? विचारायचे काय त्यात! आणि ही काय करत होती? संध्याकाळी कपालीश्वराच्या देवळात जाते असे सांगून टंकलेखन आणि लघुलेखन शिकायला जात होती! स्टेनोग्राफर हा शब्द मी तोंडी येऊ देत नाही, पण ती तेच झाली. शब्द कानांनी ऐकायचा आणि कागदावर त्याची नुसती शेपटी ओढायची — ज्या मुलीला मी ऱ्हस्व-दीर्घासाठी रडवले तिने शेपट्या ओढायच्या! आणि विनोद ऐका — सरावासाठी कोणीतरी भरभर बोलणारे लागते ना? मी जेवताना, पूजेनंतर, झोपाळ्यावर बसून जे काही बोलायचो — मी बोलतो थोडे जास्त — ते ही मान खाली घालून टिपून घ्यायची. मला वाटे, मुलगी वडिलांचे विचार जतन करते आहे. परीक्षेत पहिली आली तेव्हा तिची आई म्हणाली, "पाहिलेत, तुमच्या बडबडीचे चीज झाले." कनका — माझी पत्नी — फार तिखट बोलते.

मग दिल्लीच्या एका सरकारी कचेरीतून बोलावणे आले. शनिवारी रुजू व्हायचे. मी म्हणालो, थंडी. ती म्हणाली, लोकर. मी म्हणालो, तिथे भात चांगला मिळत नाही. ती म्हणाली, मग पोळी खाईन, आपण मराठेच ना? मी म्हणालो, एकटी मुलगी वसतिगृहात राहणार, लोक काय म्हणतील? तर म्हणते, "अप्पा, तिथे आपल्याला ओळखणारे लोकच नाहीत." — ऐकलेत? हिला तो गुण वाटतो! आपल्या पत्नीला, बहिणीला कोणी ओळखणार नाही अशा गावी आपण पाठवाल? — बरोबर, आपण स्वतः नागपूर सोडून इकडे मद्रासजवळ, आवडी गावी, नोकरीला आलातच की. पण आपण पुरुष. आणि आपण परत निघाला आहात.

शेवटी माझ्याजवळ उरले पंचांग. आमच्या मैलापुरातल्या सगळ्या मराठी घरांचे मुहूर्त मीच काढतो. बारसे असो, प्रवास असो, वेंकोबारावांना विचारल्यावाचून कोणी उंबऱ्याबाहेर पाऊल टाकत नाही. आज बुधवार. बुधवारी उत्तरेला शूल — उत्तरेकडे निघू नये. गाडी तर आजचीच, शनिवारी पोहोचून भागत नाही, हजर व्हायला हवे. मी म्हणालो, पाहा बाई, दिवसच नाही. म्हणजे संपले, असे मला वाटले. ती किंचित हसली आणि म्हणाली, "मग सोमवारी प्रस्थान ठेवू." आपल्याकडे ठेवतात ना अजून? नाही? अरेरे. सोपे असते हो — जायच्या दिवशी मुहूर्त नसेल तर आधीच्या चांगल्या दिवशी आपली एखादी प्रिय वस्तू, हळदीचे तांदूळ आणि सुपारी बांधून दुसऱ्याच्या घरी नेऊन ठेवायची. यात्रा तेव्हाच सुरू झाली असे धरतात. मग गाडीच्या दिवशी ते गाठोडे उचलायचे आणि थेट निघायचे. मात्र एकदा बाहेर पडलेले प्रस्थान परत घरात आणायचे नाही — आणले की यात्रा मोडली. हे पोराटोरांनाही ठाऊक असते.

तेच हे गाठोडे, तिने स्वतः बांधलेले. सोमवारी राहुकाळ सरल्यावर मी स्वतः नेऊन महालक्ष्मी अत्यांकडे ठेवले — त्या येतील ना आता, त्याच वृद्ध बाई, आमच्यापासून चौथे घर. आणि त्याच संध्याकाळी मी ते घरी परत आणले.

— दचकलात? कनकाही दचकली. "अय्यय्यो, प्रस्थान घरी आणलेत! कोण म्हणेल तुम्हांला शास्त्री?" अहो, पण कारण होते. अत्यांकडे चुना लावायला माणसे आली होती. गाठोड्यावर शिंतोडे उडतील, आतली साडी खराब होईल म्हणून मी सुरक्षित ठेवायला आणले, झाले, इतकेच. मनुष्य विसरतो. मलाही वय झाले. — काय म्हणालात? दुसऱ्या खोलीत? हो, दुसऱ्या खोलीत ठेवता आले असते. खरे तर चुना मागच्या परसात चालला होता, गोठ्याच्या भिंतीला. गाठोडे देवघरात होते. देवघराला — आपण फार बारकाईने ऐकता हो.

तुळसी भांडली नाही. रडलीही नाही. ते तिण्णैवर — म्हणजे आपल्याकडे ओटा म्हणतात — ठेवलेले गाठोडे तिने पाहिले, मग माझ्याकडे पाहिले. मग म्हणाली, "अप्पा, वस्तू ठेवणे हा गौण पक्ष. स्वतः निघून दुसऱ्या घरी जाऊन राहणे हा मुख्य पक्ष. तुम्हीच शिकवलात. राहुकाळ सकाळीच सरला आहे." आणि ट्रंक उचलली. नेसत्या साडीनिशी, केसांत सकाळचा गजरा तसाच, माझ्यासमोर वाकली आणि नमस्कार करून उभी राहिली. थांबली. मी — भिंतीवर पंचांग टांगलेले असते, मी ते चाळायला लागलो. सोमवारचे पान, मंगळवारचे पान. काय शोधत होतो कोण जाणे. वर पाहिले तेव्हा ती रस्त्यावर होती.

आता यातली मेख आपल्या ध्यानात आली का? स्वतः प्रस्थान केलेल्याने तर घरी मुळीच परतायचे नाही. पाणी प्यायलाही नाही. मी ते गाठोडे आणले नसते, तर कालचा सबंध दिवस, आजची दुपार ती घरात असती. माझ्यासमोर जेवली असती. मी बोललो असतो, तिने मान खाली घालून ऐकले असते. आता ती चार घरांपलीकडे, आणि मी झोपाळ्यावर. कनका डबे भरभरून तिकडे नेते आहे, येताना मला सांगते आहे, "तुमची लेक हसत होती हो." काल मी त्या रस्त्याने भाजीला गेलो. मग विसरलेली कोथिंबीर आणायला गेलो. मग कढीपत्ता. आमच्या परसात कढीपत्त्याचे झाड आहे! अत्यांच्या दारातून आवाज आला, "वेंकोबा, आत ये रे, का फेऱ्या घालतोस?" — मी म्हणालो, घाई आहे. शास्त्राने मला तिथे जायला मनाई केलेली नाही. तिलाच इकडे यायला मनाई. मी केव्हाही गेलो असतो. चार घरे ती किती!

ज्याच्या त्याच्या मुलांच्या डोक्यावर हात ठेवतो मी. रेल्वेत निघालेली, बँकेत निघालेली, कोणी कलकत्त्याला, कोणी खरगपूरला — आमच्या पोरांना मद्रासेत कामे कुठे मिळतात! — सगळी येतात, वाकतात, आणि माझ्या तोंडून आशीर्वाद आपोआप बाहेर पडतो, मला त्याचा अर्थही आठवावा लागत नाही. आणि त्या दिवशी तोंडात जीभ असून —

घंटा झाली का? नाही, ती दुसऱ्या फलाटाची. आपण बसा. हे गाठोडे नीट धरा, गाठ सैल झाली आहे. पाहू — अशाने हातात सुटेल, आतले तांदूळ सांडतील. मुक्कामी पोहोचेपर्यंत उघडू नये असे आहे. पण आता याला प्रस्थान कोण म्हणणार, नुसते बोचके आहे. पुन्हा घट्ट बांधून देतो. आत तिची पदवीदानाची साडी असणार, निळी. प्रिय वस्तू ठेवायची असते ना — मुलींना साडीवाचून दुसरे काय —

हे काय?

नाही, काही नाही. साडी नाही. हे... जरीचा बारीक काठ. इथे, पाहा, कोपऱ्याला पानाच्या चुन्याचा डाग. हा माझ्या बोटाचा. धोब्याला हा कधी निघाला नाही.

त्या गरिबाला मी नको ते बोललो.

म्हणजे हे मी माझ्या हाताने अत्यांकडे नेले, आणि माझ्या हाताने परत आणले. आणि खुंटी धुंडाळत राहिलो. तिला ठाऊक होते. तिण्णैवर पाहत उभी होती तेव्हा ठाऊक होते आत काय आहे ते, आणि एका शब्दाने बोलली नाही पोर. ती एकटीच चालली आहे असे मी जगाला सांगत होतो —

ती पाहा. त्या घड्याळाखाली. कनका पुढे, अत्या धापा टाकताहेत, आणि ती मधली. इकडे तिकडे पाहते आहे. डबा शोधत असेल. नाही, डबा तर समोरच आहे. ती डबा शोधत नाही.

ही गाठ — जरा आपले बोट ठेवा इथे, गाठीवर. असे. दाबून. तांदूळ आत आहेत ना? सुपारी? असू द्या, पंच्यानेच निभावेन मी, दिल्लीच्या थंडीत तिला लागेल हे. हलवू नका बोट... हं. आता काढा. झाले.

द्या ते इकडे. नको, आपण उठू नका, आपल्याला सांगितलेले काम आता उरले नाही. मंडळींकडे जाऊन बसा, बरणी सांभाळा. — तुळसी! अगं, इकडे! घड्याळाखाली नाही, इकडे पाहा, बाकाजवळ! थांब, तू येऊ नकोस, मीच —