लीनामावशींनी फक्त थंडीचं विचारलं

अरे, विनिपेगला मी ज्यांच्या बेसमेंटमध्ये भाड्याने राहायचो ना, त्या लीनामावशी. फिलिपिनो. मनिलात पंचवीस वर्षं सिनेपत्रकार होत्या, आणि कॅनडात आल्यावरही तिथल्या एका फिलिपिनो साप्ताहिकात लिहायच्या. एकदा मनिलाची एक मोठी नटी शोसाठी विनिपेगला आली. तिने गुपचूप लग्न केलंय अशी कुजबुज होती, पण छापायला कुणाकडेच पुरावा नव्हता. मावशी मुलाखतीला निघाल्या आणि फोटो काढायला मला घेऊन गेल्या.

हॉटेलच्या खोलीच्या दारातच नटीच्या मॅनेजरने बजावलं, "खासगी प्रश्न एकही नको. नाहीतर मुलाखत कॅन्सल."

"छे हो, मी कशाला विचारू?" मावशी म्हणाल्या. मग नटीसमोर बसून त्यांनी अगदी मायेने विचारलं, "बाळा, इथली थंडी सोसते का गं?"

"कुठली सोसते! त्यात हा सारखा हीटर बंद करतो."

मावशींनी शांतपणे ते वहीत लिहून घेतलं. "हा म्हणजे?"

नटीने जीभ चावली. मॅनेजर ताडकन उठला. "लग्नाबद्दल विचारायचं नाही, सांगितलं होतं ना!"

"मी थंडीबद्दल विचारलं," मावशी म्हणाल्या. "लग्न झालंय हे आत्ता तुमच्याकडून कळलं."

मॅनेजरचा चेहरा असा पडला की हसू लपवायला मी कॅमेरा डोळ्याला लावला. नटी मात्र खो-खो हसत सुटली. माझ्याकडे वळून म्हणाली, "थांब, माझा एकटीचा फोटो काढू नकोस. तो खाली गाडीत बसून कंटाळलाय, बोलावते त्याला."